उभी तीन बोटं

अवं, पोरगी पाहाची असन तं घरी या, पोहे खा, दोन गोष्टी विचारा अन् आपापल्या घरी जा. आमच्या वेळेस असंच होतं. पण उन्मेषच्या आईचा निरोप आला तो भलताच. म्हणे, पाहण्याचा कार्यक्रम-बिर्यक्रम आपल्याले नको. रविवारी दुपारी आमचा उन्मेष जुन्या कॉलेजांची पायी फेरी घेते, लोकांले सगळा इतिहास सांगते. तुम्ही त्यातच या. पोट्टा-पोट्टी एकमेकांले पाहतीन, आपणही चालता चालता बोलू, कोणाच्या मनावर ओझं नाही. मी म्हटलं, लग्न जमवाचं हाये का प्रदक्षिणा घालाची हाये? पण आमच्या अबोलीले ते लय आवडलं.

अबोली माझ्या धाकट्या भावाची, अनंतची, एकुलती एक पोरगी. हुडकेश्वरले घर, बँकेत नोकरी, डोकं ठिकाणावर. अनंत कोराडीच्या वीज केंद्रात, त्या रविवारी त्याले ड्युटी होती. वहिनीचे गुडघे असे की देवळाच्या पायऱ्या चढता येत नाही, तं फेरी काय करन बिचारी. म्हणून मले धाडलं. अनंत फोनवर म्हणाला, "ताई, तू पाहून ये. तुझं हो ते आमचं हो, अन् तुझं नाही ते नाही. मी दुसऱ्या कोणाले विचारणार नाही." असं म्हणून त्यानं पोरीचा अख्खा जन्म माझ्या पदरात टाकला अन् फोन ठेवून दिला.

आता एक गोष्ट आधीच सांगून ठेवते. मले किळस लवकर येते. अन् खर्र्याची तं सगळ्यात जास्त. सुपारी, तंबाखू, चुना प्लॅस्टिकच्या पन्नीत टाकून घोटाचं, गालात कोंबाचं अन् दिवसभर पचापचा थुंकत फिराचं. नागपुरात ज्याच्या खिशात रुमाल नसन त्याच्याही खिशात खर्र्याची पन्नी असते. माझे मनोहरराव त्याच्यानंच गेले. शेवटचं दीड वर्ष मी त्यांले नळीनं पाजलं. तं मी शोभा, कोणाच्या थुंकीकडं पाहून 'चालते हो' म्हणणारी बाई नाही.

थंडीचे दिवस होते. महाराजबागेच्या फाटकाशी आम्ही जमलो. पंधरा-वीस लोकं असतीन. गळ्यात कॅमेरे, पायात पांढरे बूट. उन्मेष समोर उभा. खादीचा पांढरा कुर्ता, केस नीट, आवाज मऊ. बुटीबोरीच्या एका कंपनीत इंजिनिअर हाये, पण बोलणं असं की कोणाले वाटावं मास्तरच हाये. "नमस्कार. आज आपण एका विद्यानगरीतून चालणार आहोत. जबलपूरपासून रायपूरपर्यंतची मुलं इथे शिकायला यायची. आज आपण त्यांच्या पावलांवर पाऊल ठेवणार आहोत." घरी तो आपल्यासारखंच बोलत असन, पण तिथं एकदम पुस्तकातलं. अबोली माझ्या कानाशी म्हणाली, "आत्या, किती हळू बोलते नाही? दातही दिसू देत नाही."

"दिसू देत नाही तं काय, हायेत ना?" मी म्हटलं. ती हसली.

त्याची आई उत्तराताई माझ्यासंगं चालून राहिली होती. साधी बाई, बोलकी, पायात कापडी बूट घालून आलेली. मले तं ती पाहता क्षणी आवडली. चालता चालता मी आपलं विचारलं, खाण्यापिण्याचं कसं काय, आमची अबोली झणझणीत रांधते. तं ती म्हणाली, "अवं ताई, उन्मेषनं तिखट केव्हाचंच सोडलं. सावजी रस्सा पाहतही नाही. पातळ वरण, भात, ताक. पोळीही कुस्करून दुधात. वजन कमी करून राहिला ना." मी म्हटलं, वा! नागपूरचा पोट्टा अन् सावजीकडं पाहत नाही, हा तं संतच निघाला. खोटं काहून सांगू, मले कौतुकच वाटलं.

मग आम्ही त्या कॉलेजच्या आवारात शिरलो. नाव नाही सांगत, नाव सांगून काय उपयोग, सगळीकडं तेच हाये. बाहेरून पाहाल तं डोळे निवतीन. काळा दगड, उंच कमानी, लाल कौलं. आत पाय ठेवला अन् पाहते तं काय! भिंती खाली कमरेपर्यंत लाल. खांब लाल. जिन्याचे कोपरे असे लाल की खाली दगड हाये का वीट, कळाले मार्ग नाही. नाल्यात खर्र्याच्या पन्न्यांचा गाळ. बाकांवर कोरलेली नावं, त्यांच्यात बाण घुसलेले बदाम. अन् वास! एका कोपऱ्यात कोणीतरी शहाण्यानं देवांच्या टाइल लावल्या होत्या, की देवाले पाहून तरी लोकं थुंकणार नाही. तं लोकांनी काय केलं? देवाले वाचवलं अन् बाजूले थुंकले! गणपतीच्या दोन्हीकडून ओघळ, गणपती मात्र कोरडा. काय तो भक्तिभाव, बाप्पा! मी पदर नाकाले लावला.

उन्मेष तिथंच थांबला. म्हणाला, "हे पाहा. इंग्रजांनी बांधलं, आपण वापरलं, अन् आपणच त्यावर थुंकलो. मला विचाराल तर ही इमारत पावसानं पडणार नाही, थुंकीनं पडेल. दर रविवारी मी इथे येतो आणि दर रविवारी मला लाज वाटते." लोकांनी टाळ्या वाजवल्या, मी पण वाजवल्या. माझ्या तं डोळ्यात पाणीच आलं. अख्ख्या नागपुरात एक माणूस भेटला ज्याले माझ्यासारखी किळस येते! मी अबोलीचा हात दाबला. ती माझ्याकडं पाहून लाजली. तिथल्या तिथं अनंतले फोन करावा असं वाटलं मले.

त्या कॉलेजच्या मागच्या बाजूले जुनं वाचनालय हाये. ते बंदच असते, फक्त या फेरीसाठी उघडतात. चौकीदार ताराचंद किल्ली घेऊन उभा होता. म्हातारा, कानाले मफलर. त्यानं कुलूप काढलं, दार ढकललं, अन् बाजूले झाला. उन्मेष म्हणाला, "दोन मिनिटं थांबा, आत वटवाघळं असतात, मी आधी पाहून येतो." एकटाच आत गेला. आम्ही बाहेर उभे. मी म्हटलं, पाहा, जबाबदार माणूस हाये. मग आतून त्याचा आवाज आला, "या, सावकाश या."

आत लाकडी जिना. शिसवाचा असन, काळाभोर, हात लावला तं गुळगुळीत. जाळ्या होत्या, धूळ होती, पण सांगते, एक डाग नाही. बंद राहिल्यामुळं तेवढी एक जागा वाचली होती. सगळे वर पाहून राहिले होते. मी पायाखाली पाहते, सवयच हाये. अन् जिन्याच्या पहिल्या पायरीच्या कोपऱ्यात दिसलं. पिचकारी. ओली. लाल. खाली ओघळ अजून उतरून राहिला होता.

"अगं माय!" मी ओरडलीच. "हे पाहा! आत्ताची हाये ही. थू! इथंही सोडलं नाही मेल्यांनी!"

सगळे जमले. उन्मेष वाकून पाहाले लागला. मग त्याचा चेहरा रागानं असा झाला की काय सांगू. बाहेर गेला अन् ताराचंदले हात धरून आत घेऊन आला. "काका, किती वेळा सांगितलं? किल्ली तुमच्याजवळ असते. निदान ही जागा तरी सोडायची होती."

ताराचंद म्हणाला, "साहेब, मी तं खातच नाही. कधीच नाही खाल्लं. मी माळकरी हाये."

"मग कोण आलं? भूत?"

लोकं हसले. ताराचंदनं मफलर सारून गळ्यातली माळ बाहेर काढून दाखवली, तं कोणी पाह्यलंही नाही. मी पण त्याच्याकडं डोळे वटारूनच पाह्यलं. उन्मेष म्हणाला, "जाऊ द्या. बादली आणा अन् आत्ताच्या आत्ता धुऊन टाका." म्हातारा मान खाली घालून गेला. अबोली तेवढी म्हणाली, "बिचारा थरथरून राहिला होता, आत्या." मी म्हटलं, थरथरू दे, थुंकताना नाही थरथरला.

फेरी संपली. लोकं पांगले. कॉलेजच्या फाटकासमोर गुपचूपचा ठेला होता, पुण्यामुंबईचे लोकं ज्याले पाणीपुरी म्हणतात. उत्तराताई म्हणाल्या, चला, तोंड गोड नाही तं तिखट तरी करू. त्या इतक्या खुशीत होत्या की माझ्या हातात हातच घातला त्यांनी. हळूच विचारलं, "मग? काय सांगता ताई भावाले?" मी म्हटलं, "आता काय सांगाचं राह्यलं, मुहूर्त पाहा." खरंच म्हटलं मी. माझं हो निघून गेलं होतं तोंडातून.

झालं, त्या बाईच्या आनंदाले उधाण आलं. ठेलेवाल्याच्या हातून गोड पाण्याचं, बिनतिखटाचं गुपचूप घेतलं अन् अबोलीच्या हातावर ठेवलं. "घे वं अबोली, भरव त्याले घास. नाव नंतर घेशील, आज नुसता घासच." अबोली लाल झाली. उन्मेष म्हणे, "आई, काय हे, रस्त्यात?" अन् मागं सरकला तो. मी म्हटलं, "अरे लाजता काय? घाल वं तोंडात, अबोली, अख्खं!"

तिनं हात पुढं केला. त्यानं तोंड उघडलं. अन् गुपचूप आत गेलं नाही.

काही मोठं नव्हतं. लहान पोरगं अख्खं खाते तेवढंच. पण त्याच्या दातांच्या फटीत ते अडलं, फुटलं, अन् सगळं पाणी हनुवटीवरून त्या पांढऱ्या कुर्त्यावर. अबोली हसली. उत्तराताई तं पोट धरून हसल्या, "आतापासूनच घाबरला बायकोले!" ठेलेवालाही हसला. मी नाही हसली. कारण तसं तोंड मी घरी पाह्यलं होतं, मनोहररावांचं. तसंच, तेवढंच उघडणारं. पहिले म्हणते पोळी कुस्करून दे, मग म्हणते तिखट झोंबते, मग एक दिवस दात घासाचा ब्रशही आत जात नाही.

त्यानं तोंड पुसाले खिशातून रुमाल काढला. रुमालासोबत खाली पडली ती पन्नी. रबर लावलेली, अर्धी संपलेली. माझ्या चपलेपाशी.

मग मीच बोलली. "उन्मेष, तोंड उघड."

"आत्या, ते..."

"उघड म्हणते ना. अन् ही तीन बोटं अशी उभी धर. घाल आत." दवाखान्यात डॉक्टरनं मनोहररावांले असंच सांगितलं होतं. चांगल्या माणसाच्या तोंडात उभी तीन बोटं जातात. त्यानं इकडंतिकडं पाह्यलं. एक बोट गेलं. दुसरं अडलं. डोळ्यात पाणी आलं त्याच्या, पण गेलं नाही.

उत्तराताईंचं हसू अजून पूर्ण उतरलं नव्हतं चेहऱ्यावरून. "काय हाये हे? काय करून राहिल्या तुम्ही? अरे, तू तं म्हणत होता माउथ फ्रेशनर हाये म्हणून..."

त्याचं पुस्तकातलं बोलणं सगळं पळालं. "अवं आई, एक-दोनच खातो दिवसातून. कंपनीत सगळेच खाते. लोकं दहा-दहा खाते, त्यांले काही नाही होत. आत्या उगाच घाबरवून राहिल्या."

अबोलीनं हातातला द्रोण ठेवला. ती कमी बोलते, पण बोलली की मुद्द्याचं बोलते. "वाचनालयात पहिले तुम्हीच गेले होते ना?"

तो कुर्ता पुसत राह्यला.

"मग ताराचंद काकांले काहून बोलले?"

अन् त्यानं खांदे उडवले. म्हणाला, "अरे, त्याले काय होते? सवय हाये त्याले."

सांगते, थुंकीची किळस येते ती धुतली तं जाते. पण या वाक्याची जी शिसारी आली मले, ती आज सांगतानाही येते. दोन तास त्या तोंडातून लाज, वारसा, पावलांवर पाऊल! अन् पुढच्या भाषणाच्या आधी गाल रिकामा कराले त्या बंद जागेत गेला, थुंकला, वर म्हाताऱ्याले लोकांपुढं उभं केलं. अन् मी टाळ्या वाजवल्या होत्या.

"चला," अबोली म्हणाली. "परत चला आत."

ती पुढं, आम्ही मागं. तो यालेच तयार नव्हता, आईनं दंडाले धरून आणला. वाचनालयाचं दार उघडंच होतं. ताराचंद पायरीशी उकिडवा बसून ब्रशनं घासून राहिला होता. शिसवात लाल मुरलं होतं, निघून नव्हतं राहिलं. आम्हाले पाहून तो घाईनं उठला, म्हणाला, "होते साहेब, पाचच मिनिटं."

मले वाटलं, आता तरी हा माफी मागन. एक शब्द. एवढं बोलता येते, तं एक शब्द बोलन.

उत्तराताई पुढं झाल्या. ताराचंदच्या हातातून ब्रश घेतला, साडीचा निऱ्यांचा घोळ कमरेले खोचला अन् खाली बसून घासाले लागल्या. नवी साडी, मोरपंखी, खास आजच्यासाठी नेसलेली. बादलीतलं पाणी लालसर. त्यात हात घालत होत्या अन् घासत होत्या. रडत नव्हत्या. तोंडानं नुसतं, "निघते, निघते, आत्ता निघते."

उन्मेष दारात उभा. मोबाइल काढला होता त्यानं. म्हणाला, "आई, राहू दे ना. साडी खराब होईन. उद्या सफाईवाली येते."

"ब्रश घे तिच्या हातातून," मी म्हटलं.

तो हलला नाही. मी पुन्हा म्हटलं, ओरडून म्हटलं, आवाज वर छताले लागून खाली आला. तरी नाही हलला. उलट आईच म्हणाली, "राहू द्या ताई, पुरुष माणसाले काय जमते हे." अन् घासतच राहिली.

अबोली पाहत होती. उन्मेषकडं नाही, त्या खाली बसलेल्या बाईकडं. तिचे लाल झालेले हात, ती बादली. खूप वेळ पाह्यलं तिनं. मग ताराचंदसमोर गेली, वाकून त्याच्या पाया पडली, अन् मले म्हणाली, "आत्या, चल."

ऑटोत बसल्यावर मी म्हटलं, "अनंतले काय सांगू?" ती बाहेर पाहत होती. म्हणाली, "तू नको सांगू. मी सांगते. नाही म्हणून."

मी घरी आल्यावर ती साडी, ती चप्पल, सगळं धुवाले टाकलं. अंगावरून गरम पाणी घेतलं. तरी जीव घाण घाणच राह्यला.

आठवडाभरानं उत्तराताईंचा फोन आला. मी नाव पाह्यलं अन् उचलणारच नव्हती. वाटलं, विनवण्या करन, नाही तं शिव्या देईन. उचलला. लग्नाचं नावही नाही काढलं त्यांनी.

"ताई, त्याले दवाखान्यात नेलं होतं. डॉक्टर म्हणते, खर्रा आजच बंद, नाही तं पुढं कापावं लागन. तो म्हणते, सोडतो. पण काल पॅन्ट धुवाले घेतली तं खिशात पन्नी होतीच."

मी म्हटलं, "थोबाडीत द्या त्याच्या. नाही तं मी येते अन् देते."

"हाव," त्या म्हणाल्या. मग अगदी हळू, कोणी ऐकू नये तसं विचारलं, "ताई, तुमच्या मनोहररावांले तोंड बंद झाल्यावर तुम्ही काय काय बारीक करून देत होत्या? आता वरण-भातही नाही जात त्याच्यानं."

माझ्या तोंडात किती तरी शिव्या आल्या. त्याच्यासाठी, मनोहररावांसाठी, त्या पानठेल्यावाल्यांसाठी, त्या बाईसाठीही. एकही बाहेर नाही पडली. मी खुर्ची ओढली, बसली, अन् सांगाले लागली. मुगाची खिचडी कशी शिजवाची, गाजर कसं गाळाचं, दूध किती कोमट ठेवाचं. त्या लिहून घेत होत्या.

"अन् मिक्सर चांगला घ्या," मी म्हटलं. "रोज लागन."